ळ नेपाळचा, ण इराणचा

निगडी-प्राधिकरणापासून मोशी-चिखलीपर्यंत आणि पुढे नाशिक रस्त्याने थेट चाकणपर्यंत, लहान मूल असलेल्या कितीतरी घरांत भिंतीवर दोन तक्ते असतात. एक मुळाक्षरांचा, दुसरा देशोदेशीच्या झेंड्यांचा. चार वर्षांचं मूल पाहुण्यांसमोर वीस-पंचवीस झेंडे न अडखळता ओळखून दाखवतं आणि सगळे कौतुकाने टाळ्या वाजवतात. त्याच मुलाला विचारा, पुणे महाराष्ट्रात आहे की महाराष्ट्र पुण्यात? ते गोंधळतं. जपान कुठे आहे म्हणून विचारलं आणि बाबा एखाद्या जपानी कंपनीत कामाला असतील, तर ‘चाकणला’ असंही उत्तर मिळू शकतं. मुलाच्या बाजूने पाहिलं तर ते उत्तर बरोबर आहे: बाबा रोज सकाळी जपानी कंपनीच्या बसने जातात आणि ती बस चाकणला जाते. झेंडे येतात, नावं येतात, पण देश म्हणजे काय ते मात्र येत नाही, असं का होतं? आणि तसं असेल तर अंकलिपीच्या वयात परदेशाची ओळख करून द्यावी का? द्यावी, असं माझं मत आहे. मात्र त्या वयाच्या पुस्तकाने ‘देश’ शिकवायच्या भानगडीत पडू नये. त्याने त्या देशातली माणसं आणि त्यांच्या रोजच्या वस्तू दाखवाव्यात. असं का, ते टप्प्याटप्प्याने पाहू.

डब्यात डबा

स्वित्झर्लंडचे मानसशास्त्रज्ञ ज्याँ पियाजे यांनी १९५१ मध्ये एका सहकारी संशोधिकेबरोबर जिनिव्हातल्या मुलांवरचा एक अभ्यास प्रसिद्ध केला. प्रश्न अगदी साधे होते. तू जिनिव्हाचा आहेस का? हो. तू स्विस आहेस का? लहान मुलं म्हणत, नाही, मी तर जिनिव्हाचा आहे. जिनिव्हा स्वित्झर्लंडमध्ये आहे हे वाक्य त्यांना पाठ होतं. पण दोन्हींसाठी वर्तुळं काढायला सांगितली की ती एकाच्या पोटात दुसरं न काढता दोन्ही शेजारी-शेजारी काढत. हे कोडं सात-आठ वर्षांच्या पुढे हळूहळू सुटत जातं. पुढे १९६०च्या दशकात गुस्ताव जाहोदा यांनी ग्लासगोच्या मुलांना ग्लासगो, स्कॉटलंड आणि ब्रिटन यांबद्दल विचारलं, तेव्हा तिथेही लहान मुलांची गाडी अशाच ठिकाणी अडलेली दिसली.

घरातले एकात एक बसणारे स्टीलचे डबे आठवा. मोशी हा सर्वांत लहान डबा. तो पिंपरी-चिंचवडमध्ये बसतो, पिंपरी-चिंचवड पुणे जिल्ह्यात, जिल्हा महाराष्ट्रात आणि महाराष्ट्र भारतात. मोठ्यांच्या डोक्यात हे डबे एकात एक बसवलेलेच असतात, म्हणून ‘मी मोशीचाही आणि भारताचाही’ हे वाक्य आपल्याला सहज वाटतं. मुलाच्या डोक्यात तेच डबे ओट्यावर एका रांगेत मांडलेले असतात: मोशी, लातूर, पुणे, बिहार, जपान. प्रत्येक डबा वेगळा आणि सगळे एकाच मापाचे. आजीचं गाव जसं ‘दुसरीकडे’ असतं, तसाच जपानही ‘दुसरीकडे’ असतो. झेंड्यांच्या तक्त्याने या रांगेत आणखी डबे येतात, पण एकात एक बसत मात्र नाहीत. ते बसायला वय वाढावं लागतं, आणि घाई केल्याने वय वाढत नाही.

माहितीच्या आधी मत

मग थांबू या की आठ वर्षांपर्यंत, असं कोणी म्हणेल. या म्हणण्याला १९६६ मध्येच उत्तर मिळालं आहे. हेन्री ताजफेल आणि जाहोदा यांनी सहा-सात वर्षांच्या मुलांना वेगवेगळ्या देशांबद्दल दोन प्रकारचे प्रश्न विचारले. हा देश केवढा आहे, आणि हा देश तुला आवडतो का? देशाच्या आकाराबद्दल मुलांचे अंदाज कुठल्या कुठे जात होते. पण कोणता देश आवडता आणि कोणता नावडता, यावर मात्र त्यांचं बरंच एकमत होतं. म्हणजे आवड-नावड आधी ठरते आणि माहिती मागून येते. मोठ्यांच्या बोलण्याचा सूर, बातम्यांतले आवाज, सिनेमातली माणसं यांतून मूल हे मत उचलतं. आपण आठ वर्षं गप्प राहिलो तरी त्याची पाटी कोरी राहत नाही. तिच्यावर दुसरंच कोणीतरी लिहून गेलेलं असतं.

हे ओळखून वर्णमालेच्या पुस्तकांचा गैरवापरही झालेला आहे. १८९९ मध्ये लंडनमध्ये मिसेस अर्नेस्ट एम्स यांचं ‘अ‍ॅन एबीसी फॉर बेबी पेट्रियट्स’ निघालं. त्यात एकेक अक्षर साम्राज्याच्या थोरवीला जुंपलेलं आहे, आणि आपला देशही त्या रांगेत ताब्यातला मुलूख म्हणून उभा आहे. ते पुस्तक ज्या मुलांनी मांडीवर बसून पाहिलं, त्यांना तेव्हा भारत नकाशावर दाखवता आला नसेल. पण आपण वर आणि ते खाली, एवढं नक्कीच कळलं असेल. अक्षरं विसरत नाहीत, आणि अक्षरांना चिकटलेलं चित्रही सहसा विसरत नाही. म्हणून ते चित्र कोणतं असावं, हा प्रश्न मला फार महत्त्वाचा वाटतो.

मूल पान कसं पाहतं?

आपण वाचून दाखवत असताना मुलाची नजर कुठे असते? कॅनडातल्या मेरी अ‍ॅन इव्हान्स आणि जाँ सेंट-ऑबँ यांनी २००५ मध्ये नजर टिपणाऱ्या यंत्राने हे मोजलं. चार-पाच वर्षांची मुलं जवळजवळ सगळा वेळ चित्रच पाहत होती, छापील मजकुराकडे त्यांचं लक्ष क्वचितच जात होतं. त्यामुळे अंकलिपीच्या पानावर ‘ज जपानचा’ असं छापलेलं असलं, तरी मूल जे घेतं ते चित्रातून आणि शेजारी बसलेल्या माणसाच्या तोंडून. चित्रात नुसता झेंडा असेल तर मुलाच्या लेखी जपान म्हणजे पांढऱ्यावर लाल गोळा, आणि त्यावर बोलायला मोठ्यांकडेही फारसं काही नसतं.

चित्र कसं असावं याचीही परीक्षा झाली आहे. अगदी लहान मुलं पुस्तकात पाहिलेली वस्तू प्रत्यक्षात ओळखतात का, हे २००८ मध्ये अमेरिकेत तपासलं गेलं. छायाचित्र किंवा खऱ्यासारखं चित्र असेल तर ती सहज ओळखतात, व्यंगचित्र असेल तर अडतात. २०१३ मध्ये याच अभ्यासगटातल्या ज्युडी डीलोश यांनी एका सहकारी संशोधिकेबरोबर वर्णमालेची पुस्तकंच तपासली. उघडायच्या खिडक्या, ओढायच्या पट्ट्या अशी करमणूक असलेल्या पुस्तकांपेक्षा साध्या पुस्तकातून मुलं अक्षरं जास्त शिकली, कारण खेळण्याकडे लक्ष गेलं की अक्षर मागे पडतं. चित्र मुलाच्या ओळखीच्या गोष्टीचं असावं, हे चित्रांच्या पहिल्या गाजलेल्या बालपुस्तकाने फार आधी ओळखलं होतं. कोमेनियस यांचं ‘ऑर्बिस सेन्सुअलियम पिक्टस’ १६५८ मध्ये न्यूरेंबर्गला छापलं गेलं आणि त्याची सुरुवात प्राण्यांच्या आवाजांनी होते. कावळा ओरडतो तो आवाज, मग त्या आवाजाचं अक्षर. आधी ओळखीचं काहीतरी, मग खूण, असा त्याचा क्रम आहे.

अंकलिपीत परदेश आधीपासूनच आहे

मराठी अंकलिपीकडे या नजरेने पाहिलं तर एक गंमत दिसते. आपल्या अनेक पिढ्यांचं पहिलंच पान ‘अ अननसाचा’ आहे, आणि अननस मूळचा दक्षिण अमेरिकेतला. सोळाव्या शतकात पोर्तुगीजांनी तो आपल्या किनाऱ्यावर आणला. ज्या चाकणच्या बाजारात कांदा-बटाट्याची एवढी आवक होते, त्यातला बटाटा अँडीज पर्वतातला आणि शेजारच्या ढिगातली मिरचीही अमेरिका खंडातलीच. म्हणजे परदेश अंकलिपीत घुसवायचा नाहीये, तो तिथे मुक्कामाला आहेच. त्याची ओळख तेवढी करून द्यायची राहिली आहे.

अक्षरांची अडचण मात्र खरी आहे आणि ती टाळून चालणार नाही. केनिया, कोरिया ही नावं ‘क’च्या पानावर टाकण्याचा मोह होतो. पण नुकतंच मुळाक्षर शिकणाऱ्या मुलाला ‘केनिया’तला पहिला आवाज ‘के’ असा ऐकू येतो, आणि शब्दच अनोळखी असल्यामुळे त्यातला ‘क’ त्याला वेगळा काढता येत नाही. ‘च’ची अडचण आणखी बारीक आहे. ‘चहा’तला च आणि ‘चीन’मधला च आपण वेगवेगळे उच्चारतो. ‘छ’ने सुरू होणारा देश सापडत नाही, ‘ठ’नेही नाही. म्हणून देशांच्या नावांमागे धावलं तर पुस्तक अक्षरंही धड शिकवत नाही आणि देशही. त्याऐवजी ‘च चहाचा’ हे ओळखीचं पान तसंच ठेवावं आणि चित्रात चीनमधल्या आजोबांच्या हातात बिनदुधाच्या चहाचा पेला द्यावा. अक्षराचा आवाज अचूक राहतो आणि चीनचा माणूस पानावर येऊन बसतो.

आपल्या अंकलिपीने एक सवलत आधीच देऊन ठेवली आहे, ती मला फार आवडते. ‘ण’ आणि ‘ळ’ने मराठीत शब्द सुरू होत नाही, म्हणून आपण ‘ण बाणाचा’, ‘ळ बाळाचा’ म्हणतो आणि कुठल्याही मुलाला त्यात वावगं वाटत नाही. मग ‘ळ नेपाळचा’ आणि ‘ण इराणचा’ का नको? आवाज स्पष्ट आहे, शेवटी येतो आणि ऐकू येतो. पिंपरी-चिंचवड-चाकणच्या औद्योगिक पट्ट्यातल्या सोसायट्यांत राखणीचं काम करणारी नेपाळी कुटुंबं राहतात, त्यांचं मूलही त्याच अंगणवाडीत येतं. त्याच्या देशाचं नाव तक्त्यावर असलं, की ते पान त्याचं होतं आणि बाकीच्यांना त्याच्याशी बोलायला विषय मिळतो.

खाऊ, झाडू, लोणचं

या पट्ट्यातल्या मुलांच्या कानावर परदेशांची नावं इतर ठिकाणच्या मुलांपेक्षा लवकर पडतात, आणि हे आजचं नाही. १९५४ मध्ये पिंपरीला हिंदुस्थान अँटिबायोटिक्स उभी राहिली ती युनिसेफ आणि जागतिक आरोग्य संघटनेच्या मदतीने. आकुर्डीची बजाजची स्कूटर इटलीच्या व्हेस्पावरून आली. दापोडी-चिंचवडच्या रस्त्यावर स्वीडनच्या कंपन्या कित्येक दशकं आहेत. २००९ मध्ये चाकणला फोक्सवॅगनचा कारखाना सुरू झाला आणि आता तळेगावात दक्षिण कोरियाची ह्युंदाई आली आहे. पण ही सगळी नावं घरात येतात ती शिफ्ट, बस, बोनस आणि कॉन्ट्रॅक्टच्या गोष्टींबरोबर. मुलाच्या लेखी जर्मनी हे एका गेटचं नाव असतं. त्या गेटापलीकडच्या देशात आपल्याएवढं मूल राहतं, हे त्याला कोणी सांगितलेलंच नसतं.

आता जर्मनी, जपान आणि कोरिया यांची तीन पानं पाहू. ‘ख खाऊचा’: जर्मनीत पहिलीच्या पहिल्या दिवशी मूल शाळेत जातं तेव्हा त्याच्या हातात मोठाला, रंगीत कागदाचा शंकूसारखा पुडा असतो. त्यात खाऊ, पेन्सिली, छोटी खेळणी भरलेली असतात. दोन्ही हातांनी पुडा कवटाळून उभी असलेली मुलगी काढा, अंगणवाडीतलं कोणतंही मूल आधी विचारेल, आत काय आहे? ‘झ झाडूचा’: जपानमधल्या शाळांत मुलं स्वतःच वर्ग झाडतात, पुसतात, त्यासाठी रोजची वेळ ठरलेली असते. आपल्याकडच्या कितीतरी शाळांतही सकाळी मुलंच वर्ग झाडतात, त्यामुळे हे चित्र पाहून इथलं मूल ‘आमच्यासारखंच’ म्हणेल. ‘ल लोणच्याचा’: कोरियात हिवाळा तोंडावर आला की घरची, शेजारपाजारची माणसं एकत्र बसून कोबीला लाल तिखट चोळतात आणि हिवाळाभराची किमची भरून ठेवतात. युनेस्कोने २०१३ मध्ये या प्रथेची सांस्कृतिक वारसा म्हणून नोंद केली. इकडे उन्हाळ्यात कैऱ्या फोडायला बसलेल्या बायकांच्या शेजारी कोरियातली ती ओळ काढली, तर एका पानावर दोन अंगणं येतात.

‘र रिक्षाचा’ हे पान तर या पट्ट्याचं हक्काचं. डावीकडे निगडीच्या चौकातली काळी-पिवळी रिक्षा. तिच्या शेजारी कोलंबोच्या रस्त्यावरची लाल तीनचाकी, तीसुद्धा बजाजचीच. मग बँकॉकची उघड्या बाजूंची टुकटुक, आणि कोपऱ्यात एक माणूस हाताने ओढतोय अशी जुनी गाडी, कारण रिक्षा जन्मली ती जपानमध्ये, १८६९च्या सुमाराला. चार गाड्या, चार चालक, मागे बसलेली चार मुलं. कुठली गाडी कुठली ते मुलाला सांगावं, पण ते पाठ करून घेऊ नये.

*चौकट: पान निवडताना*
*अक्षराचा आवाज (‘ळ’ आणि ‘ण’ सोडून) मराठी शब्दातून यावा, परदेश चित्रातून यावा. चित्रात मुलाच्या वयाचं कोणीतरी काहीतरी करताना दिसावं: खाताना, न्हाताना, झोपताना, भिजताना. एका पानावर एकच गोष्ट असावी. एक देश पुस्तकात दोनदा तरी यावा, निरनिराळ्या अक्षरांवर. झेंडा, राजधानी, चलन यांना या वयात जागा नको.*

तरीही काही शंका

पहिली शंका वजनदार आहे, कारण तिच्यामागे ताराबाई मोडक आहेत. १९४५ मध्ये बोर्डीला आणि पुढे अनुताई वाघांच्या साथीने कोसबाडला त्यांनी जी बालवाडी घडवली, तिचा कणाच परिसर हा होता. शंख-शिंपले, बिया, पानं, पाखरं अशा हाताशी असलेल्या गोष्टींतून मूल शिकतं. मग जवळचं सोडून कोरियाला कशाला जायचं? ताराबाईंचं म्हणणं मला पूर्णपणे मान्य आहे, आणि म्हणूनच पानावरचा शब्द खाऊ, झाडू, लोणचं, रिक्षा असा घरचाच ठेवायचा आहे. शिवाय परिसर म्हणजे काय हेही पाहायला हवं. कोसबाडच्या मुलाच्या परिसरात रान होतं. महाळुंगे किंवा कुरुळीच्या मुलाच्या परिसरात कंपनीचे फलक आहेत, खोल्यांच्या चाळीत बिहार-ओडिशाहून आलेली शेजारची घरं आहेत, आणि पिंपरी कॅम्पात फाळणीनंतर सिंधमधून आलेल्यांची नातवंडं-पतवंडं आहेत, ज्यांच्या पणजोबांचं गाव आज दुसऱ्या देशात आहे. इथे लांबचं आणि जवळचं यांमध्ये कुंपण घालणं अवघड आहे. ‘भ भाकरीचा’ या पानावर बाजरीची भाकरी, बिहारची लिट्टी, मेक्सिकोची मक्याची टॉर्टिया आणि इथिओपियाची जाळीदार इंजेरा एकत्र मांडली, तर डबे रांगेत ठेवणाऱ्या मुलाला ते अगदी नैसर्गिक वाटतं. मुलाची ही समजुतीची मर्यादा इथे आपल्या कामी येते.

दुसरी शंका अशी की एक देश, एक चित्र असं केलं तर साचाच तयार होईल. जपान म्हणजे किमोनो, आफ्रिका म्हणजे सिंह. ही भीती खरी आहे. तिच्यावर चांगला उपाय काही पुस्तकांनी दाखवलाय. म्युरिएल फीलिंग्ज यांचं ‘जाम्बो मीन्स हॅलो’ हे १९७४चं पुस्तक स्वाहिली वर्णमालेचं आहे आणि ते रोजच्या जगण्यातल्या शब्दांवर चालतं. मार्गारेट मसग्रोव्ह यांच्या १९७६च्या ‘अशांती टू झुलू’मध्ये आफ्रिकेतले सव्वीस समाज आहेत. लिओ आणि डायान डिलन यांनी बहुतेक चित्रांत पुरुष, बाई, मूल, घर, एखादी वस्तू आणि एखादा प्राणी असं सगळं मिळून काढलं. पुढच्या वर्षी त्या चित्रांना अमेरिकेतलं मानाचं कॅल्डेकॉट पदक मिळालं. एवढी सव्वीस पानं उलटल्यावर ‘आफ्रिका म्हणजे अमुक’ असं म्हणायला मुलाची जीभ वळणार नाही. आपल्या पुस्तकातही जपान ‘झ’च्या पानावर झाडूसह आणि ‘प’च्या पानावर पावसातल्या छत्रीसह आला, तर साचा पक्का होण्याआधीच सैल होतो.

तिसरी शंका पालकांची: पुढे स्पर्धा परीक्षा आहेत, झेंडे-राजधान्या लवकर पाठ झाल्या तर बिघडलं कुठे? काही बिघडत नाही. तक्ता भिंतीवर असू द्या. पण पाठ झालेलं नाव आपोआप समज होत नाही, हे जिनिव्हाच्या मुलांनी दाखवलंय, आणि आवड-नावड माहितीची वाट पाहत नाही, हे ताजफेल-जाहोदांनी. तक्ता जे करू शकत नाही, ते या पुस्तकाने करायचं. मोबाइलवर हेच सगळं हलत्या चित्रांत मिळतं, असंही सांगितलं जातं. मिळतं खरं, पण व्हिडिओ मुलासाठी थांबत नाही. पुस्तकाचं पान थांबतं, मूल बोट ठेवतं, विचारतं, मागे जातं. वाचणाऱ्याने मध्येच थांबून ‘ही काय करतेय असं तुला वाटतं?’ असे मोकळे प्रश्न विचारले तर मुलांची भाषा वाढते, हे १९८८ पासूनच्या अभ्यासांत पुन्हा पुन्हा दिसलंय.

एक अट मात्र मी घालेन. ही मुलाची पहिली अंकलिपी नसावी. पहिली घरगुतीच असू द्या, अननस-आई-इमारतीची. निम्मी-अधिक मुळाक्षरं ओळखता यायला लागली, म्हणजे साधारण मोठ्या गटाच्या वयात, हे दुसरं पुस्तक हाती द्यावं, कारण नवा आवाज आणि नवं चित्र दोन्ही एकदम आले तर मूल दमतं. असं पुस्तक छापून मिळेपर्यंत अंगणवाडीच्या ताईंना थांबायचंही कारण नाही. प्रथम बुक्सच्या स्टोरीवीव्हरवर २०१५ पासून मराठीसह अनेक भाषांतली चित्रपुस्तकं खुल्या परवान्याने मिळतात, त्यातली चित्रं छापून तक्ता करता येतो. वर्गातल्या पालकांना विचारलं तर बाजरीच्या भाकरीशेजारची लिट्टी कोणाच्या तरी घरून खरीच येईल. पुढे तिसरीला परिसर अभ्यासात जिल्ह्याचा नकाशा येतो, तोवर डबे एकात एक बसू लागलेले असतात. त्या सुमारास रिक्षाचं पान पुन्हा काढावं, शेजारी जगाचा नकाशा ठेवावा आणि कोलंबो, बँकॉक, निगडी शोधायला मुलालाच सांगावं.